मधलं पद

प्रकाशे, ता. ३ मार्च १९६२

चि. हिलालला आजीचा आशीर्वाद. आम्ही धड आहोत. तुझ्या बापाच्या पाठीत उसण भरलीय, जीभ मात्र चालते. माझं अक्षर कोंबडीनं उकरल्यासारखं आहे, हसू नकोस. हे पत्र दुसऱ्याकडून लिहून घेण्यासारखं नाही.

तुझं कार्ड अक्षर लावून लावून वाचलं. क्ष नि यची बेरीज सात, त्यांच्या वर्गांची बेरीज पंचवीस, आणि सोडवायला घेतलं की क्षच नाहीसा होतो म्हणतोस. खाली लिहिलंस, 'नापास झालो तर तोंड दाखवणार नाही.' तव्यावरची भाकर करपली माझी.

तशीच पितांबर गुरुजींकडे गेले. कार्ड दाखवलं, शेवटची ओळ अंगठ्यानं झाकून. गुरुजी हसले. "पोरगं हुशार शे, माय. सरळ समीकरणमाईन य बरोबर काढस, सात वजा क्ष. पण त्याना वर्ग करताना मधलं पद गिळी टाकस, नि क्षना वर्ग वजा लिखस."

मी म्हटलं, "गिळलं तर गिळलं. सुटतं का ते सांगा."

सुटतं. वजा चौदा क्ष लिहिलं नि क्षचा वर्ग अधिक धरला की क्ष जागेवर राहतो. तो तीन आला तर य चार, चार आला तर य तीन. दोन्ही खरं. गुरुजींनी मांडून दिलेला कागद सोबत आहे.

आता ऐक. काल शेजारच्या रतिलालला आपल्या विहिरीवर बाभळीच्या काट्या टाकायला लावल्या. दर साली निकालाच्या दिवसांत टाकते, यंदा आत्ताच. तुझी आई नदीवरून पाणी आणते नि मनातल्या मनात मला शिव्या घालते. घालू दे. लहानपणी तू विचारायचास, काट्या कशाला? मी सांगायचे, गुरं पडतात.

गुरं पडत नाहीत. तुझा रूपचंद काका मॅट्रिकला गणितात गेला होता. घरात सगळे म्हणतात, पाय घसरला. भर उन्हाळ्यात, कोरड्या काठावरून कुणाचा पाय घसरतो रे?

मी कुणाला भिणारी बाई नाही, गावाला ठाऊक आहे. पण तुझं कार्ड आल्यापासून पोस्टमनची सायकल दिसली की मी घरात शिरून कडी लावते.

नापास झालास तर सरळ घरी ये. बाप ओरडेल. मीही शिव्या देईन, पोटभर देईन. त्या खायला तू समोर हवास.

पत्र आपल्या रामसिंग गड्याच्या हाती देतेय. पेपर संपेपर्यंत तो तुमच्या बोर्डिंगच्या ओट्यावरच झोपेल. हाकलू नकोस त्याला. भाकरी दोघांच्या बांधल्यात.

तुझी आजी,
रूपचंदची आई