हजारी मोगऱ्याचे नियोजन

२ जुलै १९९५, रविवार
रोजनिशी सुरू. नोंदी नसतील तर कामाचा निकाल तपासता येत नाही, एवढेच कारण. राग वगैरे काही नाही.

पार्श्वभूमी: शेजारच्या क्वार्टरमधले संगमेश, माझ्यासारखेच धरणावर ज्युनिअर इंजिनिअर, मार्चमध्ये आईसह मला पाहून गेले. मध्यस्थ आप्पांनी विचारले, "पोरी, तुझं काय?" म्हटले, आधी मुलाकडचा होकार येऊ द्या. होकार आला नाही. एप्रिलमध्ये त्यांच्या आईने भिवराबाईच्या हाती वाटीभर साखर तेवढी पाठवली. मी मागितली नव्हती. वाटीसकट परत केली. आठवड्याने आप्पांकडून शेरा आला: "पोरगी हुशार हाय, पण घरात मशीन आणल्यावानी होईल."

या वाक्याचा माझ्यावर परिणाम झालेला नाही.

९ जुलै
उपाय सापडला. हजारी मोगरा. थंडीत फुलतो, वास चांगला, पण मुळांतून फुटवे काढत सुटतो आणि बघता बघता अंगण खातो. कुंपणापासून चार फुटांवर संगमेश यांची शेवंती आहे. आल्यागेल्याला दाखवतात. यंदा दाखवायला राहणार नाही.

भिवराबाई दोन्ही घरची भांडी घासते. तिने तलवाड्याहून तीन फुटवे आणले. म्हणाली, "ताई, हे कावून लावता? एकदा बसलं की उठत न्हाई."
म्हटले, तेच हवे आहे.

१६ जुलै
फुटवे कुंपणालगत लावले. माझ्या बाजूने दीड फूट खोल पत्रा गाडला. मुळांना आता एकच दिशा: त्यांची. डिझाइन निर्दोष.

२७ ऑगस्ट
पत्र्याच्या अलीकडे एक फुटवा. अपवाद. उपटला. पान हातात चुरगळले, मेलेल्या उंदरासारखा वास. म्हणजे फुलांना सुगंध, पानांना दुर्गंध. नोंद करून ठेवते.

८ ऑक्टोबर
त्यांच्या बाजूला फुटवे दोन. माझ्या बाजूला एकतीस.
कारण शोधले. काळ्या मातीला भेगा पडल्या, पत्र्याखालून वाट झाली. शिवाय माझ्या न्हाणीचे पाणी याच बाजूला मुरते. मुळे पाण्याकडे जातात, हे मी शेतकऱ्यांच्या बैठकीत दर महिन्याला सांगते. तरी याला चूक म्हणता येणार नाही. माहिती अपुरी होती.

१९ नोव्हेंबर
मोगरा पायरीपर्यंत. लुना बाहेर काढायला वीस मिनिटे लागली. पलीकडे शेवंती जोरात.
संगमेश कुंपणापाशी येऊन म्हणाले, "मॅडम, लई रान माजलंय. उपटू लागू का?"
म्हटले, गरज नाही. हे नियोजित आहे.

२४ डिसेंबर
फुलला. रात्रभर उग्र वास. वारा त्यांच्या खिडकीकडे आहे. झोप मोडत असणार. निदान तेवढा निकाल मिळाला.
भिवराबाईला सहज विचारले. म्हणाली, "मोडतीय कशाची! खिडकी सताड उघडी टाकून झोपतेत. म्हणतेत, वास लई ग्वाड हाय."

२६ जानेवारी १९९६
झेंडावंदन करून आले तर दारात संगमेशची आई, शिवकांताबाई. पौष संपला. सोमवारी लग्न, मुलगी गेवराईची, नाव शिवांजली. रविवारी हळद. गजऱ्यांना माझी फुले हवीत. वसाहतीत एवढी फुले दुसऱ्या कुणाकडे नाहीत.
तत्काळ होकार दिला. पाटीच्या तळाशी पाने, वर फुले. गजरे करायला बायकांनी पाटीत हात घातला की पाने चुरगळणार, आणि मांडवभर उंदीर. सहा महिन्यांचे काम एका सकाळीत पूर्ण. पत्रा लागणार नाही.

२८ जानेवारी, सकाळी ९
पाटी तयार. पाने नऊ, वरपर्यंत फुले. शंका येण्यासारखे काही नाही.

सकाळी ९.५०
शिवकांताबाई पाटी घेऊन निघाल्या आणि उंबऱ्यात थांबल्या. म्हणाल्या, "पोरी, मनात काही ठिवू नको. तू न्हाई म्हणलीस, तो तुझा हक्क."
म्हटले, मी केव्हा नाही म्हटले?
"आता गं! होकाराची साखर धाडली होती की आमी. तू वाटीसकट माघारी धाडलीस. संगमेश दिवाळीपत्तुर थांबला होता, म्हणायचा, तिचा विचार पालटंल."
विचारले, मग मशीन कोण म्हणाले?
"मशीन? ते आप्पाचं तोंड. साखर माघारी आली म्हणून चिडलं होतं."

मी म्हटले, पाटी खाली ठेवा. एक दोष राहिला आहे.
फुले चादरीवर ओतली. पाने शोधली. आठ लगेच मिळाली. नववे मिळेना. दोनदा सगळी फुले चाळली, तेव्हा मिळाले. शिवकांताबाईंना वाटले, मी फुले निवडून देते आहे.
"किती नीट करतीस गं," म्हणाल्या.

सकाळी ११.४०
तीनदा साबणाने हात धुतले. वास जात नाही.