भागोजीचं गाव कोणतं

॥ श्री ॥

मांडवी, रत्नागिरी
१२ जानेवारी १९८६

ती. सौ. विमलाताईस,
दमयंतीचा शि. सा. न. वि. वि.

तुझं पत्र पोचलं. शेजारच्या यमुनाबाईंच्या भावाने बुरोंडीपर्यंत बातमी नेलीच म्हणायची, की दमयंतीने घरात कुणी आजारी पाहुणा ठेवलाय आणि खिडक्या दिवसाही लावलेल्या असतात. यमुनाबाईंचा एक कान आमच्या भिंतीला कायमचा चिकटलेला. त्यांना आम्ही सांगतो, ह्यांचे लांज्याचे चुलते भागोजी अंथरुणाला खिळलेत. तुला खोटं लिहवत नाही. आधी खाली बस, मग वाच.

गणपतीनंतर मागच्या पडवीची कौलं वानरांनी फोडली म्हणून लिहिलं होतं ना, ती वानरांनी फोडली नव्हती. आभाळातून हंड्यासारखं काही पडलं आणि त्यातून हा निघाला. पाच वर्षांच्या पोराएवढा, अंग ओल्या पाटीसारखं, हाताला तीन तीन बोटं, डोळे फणसाच्या आठळीएवढे. आमची तुळसा ओरडलीसुद्धा नाही, तिने आपली चादर त्याच्या अंगावर घातली. हे सोवळ्यातल्यासारखे लांब उभे. मी देवापुढे उदबत्ती लावली आणि पेज टाकली. दारी आला त्याला उपाशी कसं ठेवायचं? हंड्याचे तुकडे ह्यांनी गोणपाटात बांधून समुद्रात बुडवले.

आता तो मराठी बोलतो, आणि तोंडाला खीळ म्हणून नाही. मला वहिनी म्हणतो. नैवेद्याचं ताट देवापुढून उचललं की विचारतो, वहिनी, तुमच्या देवाला भूक नाही, की तुमच्या आमटीला मीठ नाही? यमुनाबाई भिंतीपलीकडे तोंड सोडून बोलायला लागल्या की हा कौतुकाने ऐकतो. वर म्हणतो, एवढं अंतर कापून आलो, पण एवढा आवाज वाटेत कुठे ऐकला नाही. आमसुलं चघळून चघळून माझी बरणी रिकामी केलीन. ह्यांना त्याच्याशी बुद्धिबळात हरायची सवय झाली आहे.

त्याची माणसं त्याला न्यायला येणार आहेत. केव्हा, ते त्यालाही सांगता येत नाही, वाट फार लांबची. तोवर तो कुणाच्या हाती लागता कामा नये. हे म्हणतात, सरकारात कळलं तर चिरून बघतील. देवाने आपल्या दारात आणून टाकलाय, तर त्याच्या माणसांच्या हाती धडका सोपवायचा, एवढंच मी जाणते.

भावोजींना नमस्कार. थोरलेपणाची माया आहे तशी असू दे.
तुझी दमयंती

॥ श्री ॥

बुरोंडी
२५ जानेवारी १९८६

चि. सौ. दमयंतीस,
विमलाताईचे अनेक आशीर्वाद.

पत्र दोनदा वाचलं आणि चुलीत घातलं. आई म्हणायची, ही मॅट्रिक झाली पण वेडी ती वेडीच. आत्माराम भावोजी कचेरीतले कारकून. उद्या नोकरीवर आलं म्हणजे? दारी मांजर आलं तरी तू दूध घालणार, हे ठाऊक होतं. पण मांजर निदान वरून पडत नाही.

असो. घरात घेतलंस, आता टाकता येत नाही. सोबत आमसुलांची पिशवी पाठवली आहे. मीठ जास्त आहे, त्याला सांग, म्हणजे आमटीला नावं ठेवायचा नाही. एकच बजावते. माणसांपुढे तुझ्या पोटात गोष्ट राहते, पण देवापुढे बसलीस की सगळं ओकतेस. देवळातसुद्धा मनातल्या मनात बोल.

तुळसाला पापा. आम्हां म्हाताऱ्यांची आठवण ठेवून असावे.
विमलाताई

॥ श्री ॥

मांडवी
९ मार्च १९८६

ती. सौ. ताईस,
सा. न. वि. वि.

आमसुलं पोचली, पण त्याच्या तोंडाला चव उरली नाही. माघ सरत आला आणि उन्हाचा ताव वाढला तसं त्याचं अंग तडकू लागलं. सुकलेल्या खाजणाला भेगा जातात ना, तशा. आधी खोबरेल लावलं. एवढं खोबरेल मी बाळंतपणातसुद्धा वापरलं नव्हतं. मग हे पहाटे समुद्राचं पाणी आणू लागले. ओली धोतरं अंगावर टाकली की घटकाभर बरं वाटतं. यमुनाबाई विचारतात, चुलत्यांना गोडं पाणी चालत नाही का?

डॉक्टर आणावा तर काय सांगून? तुळसा शाळेतून आली की त्याच्याजवळ बसून वर्तमानपत्र वाचते. पूर्वी प्रत्येक बातमीवर काही बोलायचा, आता ऐकतो नुसता. परवा मला म्हणाला, वहिनी, माझी माणसं उशिरा आली तर त्यांना रागावू नका, ती लांबून येतात. मी चुलीशी गेले आणि धूर झाला म्हणून डोळे पुसले. चूल पेटलीही नव्हती.

काही सुचव, ताई. तुझ्याकडे पदर पसरून
दमयंती

॥ श्री ॥

बुरोंडी
१६ मार्च १९८६

चि. सौ. दमूस,
आशीर्वाद.

तुझ्या भावोजींना सगळं सांगितलं. तासभर विडी ओढत बसले, मग म्हणाले, पाण्याचं माणूस आहे, पाण्याजवळच राहू दे. आमच्या खडकाखाली कपार आहे, तिथे भरतीचं पाणी खेळतं आणि सावली दिवसभर. तिथे ठेवू. ते स्वतः होडी घेऊन मांडवीला येतील. पण शिमग्यात खलाशी होडीवर पाय ठेवत नाहीत, सगळे पालखीपाठी. रंगपंचमी झाली की लगेच निघतील. त्याची माणसं तुझ्या दारी आली तर तू त्यांना इकडे पाठव, म्हणजे झालं.

तोवर तोंड मिटून राहा. एवढं ऐक आणि मायेत अंतर पडू देऊ नकोस.
विमलाताई

॥ श्री ॥

मांडवी
२ एप्रिल १९८६

ती. सौ. ताईस,
कोणत्या तोंडाने नमस्कार लिहू?

भावोजी परत येऊन पोचले असतील, तेव्हा तुला कळलंच असेल. कसं झालं ते मीच सांगायला हवं.

ग्रामदेवाची पालखी आमच्या दारापुढच्या खळ्यात आली. ढोल वाजत होते, सगळी वाडी जमली होती. मी पाय धुतले, ओटी भरली, ह्यांनी नारळ दिला. मानकऱ्यांनी विचारलं, गाऱ्हाणं काय घालू? हे म्हणाले, घरातल्यांना सुखी ठेव म्हणावं. तेवढ्यावर भागलं असतं. पण ढोल थांबले आणि आतून त्याचं कण्हणं आलं. ताई, साक्षात देव दारात उभा आणि आत तो तडकतोय. माझ्याच्याने राहवेना. मी पुढे झाले, म्हटलं, घरात एक जीव दुखण्याने पडलाय, त्याला बरं कर.

मानकऱ्यांनी रीतीप्रमाणे विचारलं, नाव काय, गाव कोणतं? गाऱ्हाण्यात नाव-गाव लागतंच, नाहीतर देव शोधील कुठे? यमुनाबाईंना इतके महिने मी लांजा सांगत आले. पालखीपुढे जीभ उचलेना. म्हटलं, नाव भागोजी, गाव ह्या पृथ्वीवरचं नाही, वरून आमच्या कौलांवर पडला. मानकऱ्यांचा आवाज तुला माहीत आहे. त्यांनी एक अक्षर गाळलं नाही. बा देवा महाराजा, जो भागोजी वरून पडला, ज्याला ह्या पृथ्वीवर गाव नाही, त्याच्या दुखण्यावर हात फिरव, म्हणून गर्जले. आणि सगळी वाडी म्हणाली, होय महाराजा! त्या क्षणी मला इतकं हलकं वाटलं, की काय केलं हे कळायला संध्याकाळ झाली.

दुसऱ्या दिवशी माणसांची रीघ. कुणी नारळ, कुणी हळदकुंकू, कुणी मूल होत नाही म्हणून पाया पडायला. यमुनाबाई पेज घेऊन आल्या आणि त्याला बघून रडल्या. तिसऱ्या दिवशी सरकारी जीप आली. साहेबांनी ह्यांना विचारलं, तुमचं काय नातं? हे म्हणाले, पाहुणा. साहेब म्हणाले, कागदावर तसं काही लिहिता येत नाही. तुळसाच्या चादरीत गुंडाळून नेलं. माझा पदर त्याने तीन बोटांत धरला होता. रागावला नव्हता गं. एवढंच म्हणाला, माझी माणसं आली तर मला कुठे नेलं ते सांगा. मी हो म्हटलं. कुठे ते मला कुणी सांगितलंच नाही. भावोजींची होडी त्यानंतर धक्क्याला लागली.

मायेला लायक उरले असेन तर माया ठेव.
दमयंती

॥ श्री ॥

बुरोंडी
१० एप्रिल १९८६

चि. दमूस,
आशीर्वाद, नेहमीचेच, कमी नाहीत.

चुकलं नाही असं लिहिणार नाही, तुला ते खरं वाटायचं नाही. पण देवापुढे खोटं बोललेली दमू मला ओळखू आली नसती. रडून झालं की आत्माराम भावोजींना कचेऱ्यांमधून फिरव. निदान कुठे ठेवलाय एवढं तरी कळू दे.

विमलाताई

॥ श्री ॥

मांडवी
२० मे १९८६

ती. सौ. ताईस,
सा. न. वि. वि.

हे रत्नागिरीतल्या सगळ्या कचेऱ्या फिरले, मुंबईलाही जाऊन आले. सगळीकडे एकच उत्तर, असं कुणी आणलेलं नाही. शेवटच्या साहेबांनी ह्यांनाच बसवून पाणी दिलं आणि विश्रांती घ्यायला सांगितलं. ह्यांनी आता विचारणं सोडलं आहे. पट मांडतात आणि एकटेच बसतात.

परवा तिन्हीसांजेला मी तुळशीपाशी दिवा लावत होते. मागीलदारी ती उभी. एकही कौल फुटलं नाही, पायरव नाही. तसंच अंग, तेच डोळे, फक्त वयाने वाकलेली. आई आहे. मला कसं कळलं ते विचारू नको. सरळ त्याच्या कोपऱ्यात गेली, त्याच्या वळकटीत तोंड घालून बसली, मग माझ्याकडे पाहिलं. मी पाणी दिलं. दुसरं काय देणार?

तेव्हापासून ती तिथेच आहे. तिला वाटतंय तो जवळपास कुठे गेलाय, येईल. दार वाजलं की मान वर करते. वाडीत सगळ्यांना ठाऊक आहे, ह्या खेपेला कुणी ब्र काढत नाही. यमुनाबाई चपला रस्त्यावर काढून येतात, भाकरी ठेवतात आणि न बोलता जातात.

ती सारखी आमच्या तोंडांकडे बघते, ओठ हलवते. तोही असाच आमचं ऐकत बसायचा आणि महिन्याभरात बोलू लागला होता. म्हणून आम्ही घरात बोलणं बंद केलंय. तुळसाला काही हवं असलं तर मला विहिरीवर नेते. पूजासुद्धा मी मनात म्हणते. काल भात वाढताना माझ्या तोंडून नुसतं "घे" निघून गेलं. तिने तो शब्द हळूच परत म्हटला, दोनदा, तीनदा, अगदी माझ्याच सुरात.

तेव्हा ताई, सुट्टीत इकडे येऊ नकोस. तू आलीस की आपण बोलल्याशिवाय राहायच्या नाही. एकेक शब्द तिला मिळत जाईल, आणि पुरेसे झाले की ती विचारील.

माया आहे ती लांबूनच असू दे.
तुझी दमयंती