डाव्या रांगेच्या ओळी

१२ नोव्हेंबर १९९७

जाणार! ठरलं म्हणजे ठरलं.

केबलवर कालपासून टीव्हीच्या तळाशी पट्टी सरकते आहे — 'पाठ आहे का? साठी ओलांडलेल्यांसाठी शाळेतल्या कवितांची स्पर्धा. निवड ठाण्यात.' घास हातात धरून मी ती पुन्हा पुन्हा वाचली. सूनबाई, सरस्वती, म्हणाली, "बाबा, भात निवला. आणि खरंच जा तुम्ही त्यात. आमचे कान तरी सुटतील." नामा — माझा पोटचा मुलगा! — हसला. हसू दे. या घरात मी कविता म्हणायला तोंड उघडलं की सरस्वती मिक्सर लावते. रोज कसली एवढी चटणी वाटते देव जाणे!

साऱ्या कोलशेतात माझ्याइतक्या कविता कोणाला पाठ आहेत? शेजारच्या त्या राक्षसाला? त्याचं नाव या वहीत लिहायचं नाही, हे मी केव्हाच ठरवलं आहे.

१३ नोव्हेंबर

लिहावं लागतंय. भिवाजी.

सकाळी भिंतीपलीकडून हाक — "काय रं कवी, टीवीवर चाललास म्हने?" म्हणजे सरस्वतीने त्याच्या बायकोला, हौसाबाईला, सांगितलं. या दोघी कपडे वाळत घालताना जगाचा कारभार करतात. मी उत्तर दिलं नाही. तीन वर्षं देत नाही. तो आपला एकटाच हसत राहिला, दात कोरत.

आमची शाळा त्याच्या आज्याच्या जागेत होती. एक खोली, पुढे ओटा, मागे भेंडीचं झाड. भिवाजीने जागा बिल्डरला दिली. झाड आधी गेलं, मग कौलं, मग भिंती. आता तिथे सात मजले आहेत. महिपत गुरुजींची खुर्ची जिथे असायची तिथे कोणाची तरी पांढरी मारुती उभी असते. मी त्या बाजूने जातच नाही. बाजाराला लांबून वळसा घालतो.

आणि हा माणूस दात कोरतो!

१६ नोव्हेंबर

तयारी सुरू. ओट्यावर बसून सगळी पुस्तकं आठवतो आहे, पहिलीपासून. पुस्तकं कुठली राहायला! पण चाल आठवली की शब्द येतात.

काय दिवस होते ते! शेवटच्या तासाला कविता. हाताची घडी, पाठ ताठ. मधल्या वाटेवरून गुरुजी पट्टी घेऊन फिरायचे. डाव्या रांगेने एक ओळ म्हणायची, उजव्या रांगेने पुढची. डावी — उजवी — डावी — उजवी. वल्ही मारल्यासारखी. बाहेर खाडीवरचा वारा, भरती असली तर पाण्याचा वास थेट वर्गात. गुरुजी डोळे मिटून घ्यायचे आणि एखादा पोर नुसते ओठ हलवत असला तरी त्यांना कळायचं.

मी डाव्या रांगेत. पहिलीपासून चौथीपर्यंत. भिवाजी उजव्या. तेव्हासुद्धा तो ओरडायचाच, म्हणायचा नाही.

आज 'ओहोटीतली होडी' म्हटली. किती गोड! सरस्वती दारात उभी राहिली. म्हणाली, "बाबा, मधे मधे का थांबता?"

म्हटलं, "त्या थांबण्यातच कविता असते. तुला नाही कळायची."

मिक्सर लागला.

२० नोव्हेंबर

भिवाजीने मुद्दाम रेडिओ मोठा केला. बाजारभाव! मी बटाट्याच्या भावावर आवाज चढवून 'होडी' म्हटली. घसा बसला.

२३ नोव्हेंबर, रविवार

चपला न काढताच वही उघडली. सगळं लिहितो.

ठाण्याचा हॉल. म्हातारेच म्हातारे. कोणी कोट घालून, कोणी नातवंडांना घेऊन. एका बाईंनी तर टेबलावर तिळगुळाचा डबा ठेवला, परीक्षकांसाठी. नोव्हेंबरात तिळगूळ! लाच ती लाचच.

माझं नाव पुकारलं. टेबलामागे दाढीवाला एक, आणि जीन्स घातलेली एक मुलगी, गळ्यात शिट्टी. मुलगी म्हणाली, "आजोबा, आवडती कुठलीही म्हणा." मी हाताची घडी घातली. पाठ ताठ. डोळ्यांपुढे आमची खोली उभी राहिली, अगदी कौलांमधल्या उजेडासकट.

पाणी गेले ओसरून, होडी चिखलात बसे —

आणि थांबलो.

दाढीवाला म्हणाला, "छान. पुढे?"

पुढे? पुढे उजवी रांग! मी वाट बघत होतो. खरोखर वाट बघत होतो! मग एकदम कळलं. तिसरी ओळ तोंडाशी तयार होती, पाचवी होती, सातवी होती. दुसरी नव्हती. चौथी नव्हती. दुसरी कविता घेतली — तेच! पहिली ओळ, आणि पुढे खड्डा. साठ वर्षं मी सगळ्या कविता पाठ आहेत म्हणून मिरवतो आहे, आणि माझ्या तोंडात अर्ध्याच! थांबण्यात कविता असते म्हणे. मूर्ख!

मुलगी हळूच म्हणाली, "असू दे आजोबा, होतं असं या वयात." या वयात! मी वळणार, तोच मागून, रांगेतून, रेड्यासारखा आवाज आला —

भरतीच्या वाटेकडे नावाडी तो पाहतसे!

भिवाजी. पांढरा लेंगा, टोपी, गळ्यात सोन्याची साखळी. तोही आला होता! नाव नोंदवून!

आणि मी काय करावं? माझ्या तोंडून आपसूक निघालं —

नको ओढू दोर उगा, नको मारू तिला वल्हे —

तो — पाणी येता दर्यातून होडी आपसूक हले!

शेवटपर्यंत गेलो. न थांबता. हॉलमध्ये टाळ्या. मुलगी शिट्टीच वाजवायला लागली. दाढीवाल्याने भिवाजीला पुढे बोलावून एकट्याने म्हणायला लावलं, तर हा नुसता आ वासून उभा. पहिली ओळच नाही त्याच्याकडे! इतकं समाधान मला पुष्कळ वर्षांत झालं नव्हतं.

"एकाच शाळेतले का तुम्ही?" मुलीने विचारलं.

"होतो," मी म्हणालो. "यानं ती पाडली."

"मी पाडली?" भिवाजी गरजला. "गावकीची बैठक झाली तवा तू कुटं होतास रं परश्या? नको इकू, असा बोलाला एक मानूस उठला नाय. तू ओट्यावं बसून कविता घोकीत व्हतास!"

"मी बैठकांना जात नाही. तिथे तुझ्यासारखे असतात."

"मंग आता शालेसाटी रडू पन नको!"

मी छत्री उगारली. खोटं कशाला लिहू, उगारली. दोघा-तिघांनी धरलं आम्हाला. आणि टेबलामागे ते दोघं एकमेकांकडे बघून असे हसले, जसं काही त्यांना खाडीत मोठा मासा गावला.

"निवड झाली," दाढीवाला म्हणाला. "पण जोडी म्हणून. दोघं, नाहीतर कोणीच नाही."

२४ नोव्हेंबर

नाही जाणार. त्याच्याबरोबर? नरकात एक वेळ जाईन.

२७ नोव्हेंबर

सरस्वती म्हणाली, "बाबा, मी सगळ्या बिल्डिंगींत सांगून बसले. आता नाही म्हणू नका हं, माझी अब्रू जाईल." आणि मग, भांडी विसळता विसळता, पाठमोरी — "पुढची ओळ सांगायला कोणीतरी हवं ना."

आगाऊ बाई!

पण खरं ते खरं. मला जायचं आहे. एकदा तरी ती कविता मोठ्याने, लोकांसमोर, पूर्ण. आमची खोली कोणाच्याच ध्यानात नाही आता. टॉवरमधल्या पोरांना तर वाटतं तिथे आधीपासूनच पार्किंग होतं. मी गेलो की ती खोलीही गेली. एवढ्यासाठी नरकात जावं लागलं तर जावं.

३ डिसेंबर

सराव. तो त्याच्या अंगणात, मी माझ्या. मधे भिंत. एकमेकांचं तोंड बघायचं नाही, अशी बोली झाली — हौसाबाईमार्फत.

मी ओळ टाकतो, तो भिंतीपलीकडून परत फेकतो. दगड मारल्यासारखा. 'आपसूक'चं 'आपसुक' करतो. मी ओरडलो, "सू लांब!" तो म्हणाला, "तुजा नाक लांब!" हौसाबाई पलीकडे आणि सरस्वती इकडे, दोघी तोंडाला पदर लावून.

नऊ कविता निघाल्या. त्यातल्या दोन मी पार विसरलो होतो. हे मी त्याला सांगितलेलं नाही, आणि सांगणार नाही.

१४ डिसेंबर, रविवार

माजिवड्याच्या एका गोडाउनात शूटिंग. मी बसने गेलो. तो रिक्षाने.

आत शिरलो. शाळा! त्यांनी शाळा बांधली होती — प्लायवूडची. शेणाचा रंग दिलेली भिंत, फळा, दोन रांगा, मधे वाट. खिडकी तर हुबेहूब. खिडकीबाहेर पंखा लावून वारासुद्धा! मी चौकटीवरून हात फिरवला. भिवाजी दारातच उभा. आत येईना.

शिट्टीवाली मुलगी जवळ आली. "आजोबा, मस्त करायचंय हं. आधी दोन ओळी कविता. मग तुम्ही थांबा. मग हे दादा उठून म्हणतील — 'होय, मीच पाडली शाळा, काय करशील?' आणि छाती ठोकून हसतील. मग तुम्ही त्यांना डस्टर फेकून मारा. थर्माकोलचा आहे, लागत नाही. मग जोरदार भांडण. त्या दिवशी केलंत ना, तसंच!"

"आणि कविता?"

"हो हो, ती आहेच की. शेवटी. वेळ उरला तर."

म्हणजे निवड कवितेसाठी नव्हतीच. भिवाजीकडे बघितलं. तो म्हणाला, "मना तवाच समजला होता." समजलं होतं तर आला कशाला?

आता जे लिहितो ते कोणाला सांगणार नाही. मी तयार होतो! डस्टर हातात घेतला. म्हटलं, मारतो. नाटकात तर नाटकात. आधी मारीन, मग कविता म्हणेन. वेळ उरेल. मी उरवीन. आणि ते वाक्य — तीन वर्षं रात्रंदिवस मी ते त्याच्याच आवाजात मनात ऐकत आलो आहे, छाती ठोकण्यासकट. त्याला पाठ करायचीही गरज नव्हती.

दिवे लागले. मी डाव्या रांगेत. तो उजव्या. माझी ओळ झाली, त्याची झाली. मी थांबलो. मुलीने हात खाली केला — म्हणजे, दादा, बोला.

भिवाजी उठला. फळ्याकडे बघितलं. खिडकीकडे. तोंड उघडलं. मिटलं.

"कट! दादा, सोपं आहे. मीच पाडली शाळा, काय करशील."

पुन्हा दिवे. पुन्हा तो उठला. गळ्याची साखळी हलताना दिसत होती, आवाज नाही. मी मनातल्या मनात ओरडत होतो — बोल! बोल ना, चांडाळा! एवढं एकच वाक्य! जन्मात पहिल्यांदा मला तुझा काही उपयोग आहे!

तिसऱ्या खेपेला तो बाकावर बसला. हाताची घडी घातली. शिक्षा झालेल्या पोरासारखी. म्हणाला, "ह्या मना नाय येत."

दाढीवाल्याने घड्याळ बघितलं. मुलगी गोड बोलली — "कळवतो हं." डस्टर माझ्या हातातून काढून घेतला. आमच्या मागे कामगार लगेच खिडकी उचकटायला लागले.

बाहेर रस्त्यावर मी त्याला म्हणालो, "घालवलंस! शाळा घालवलीस, हेही घालवलंस!"

त्याने रिक्षाला हात केला, थांबला, माझ्याकडे बघत. मी बसस्टॉपकडे निघालो.

१७ डिसेंबर

फोन आला. आमच्याऐवजी आंबिवलीच्या दोघी जावा घेतल्या. कॅमेरा बंद असला तरी भांडतात म्हणे. सरस्वतीने आज मिक्सर लावला नाही, हे वाईट लक्षण.

२५ डिसेंबर

कविता बंद. पलीकडेही शांत. रेडिओसुद्धा नाही. बरंच आहे.

४ जानेवारी १९९८, रविवार

आज 'पाठ आहे का?' लागला. बघितला नाही. ओट्यावर बसलो होतो. भिंतीपलीकडे खाकरण्याचा आवाज. मग —

पाणी गेले ओसरून, होडी चिखलात बसे —

माझी ओळ! डाव्या रांगेची! बेसूर, वाकडीतिकडी, अडखळत — घोकलेली. आणि तो थांबला. थांबूनच राहिला.

भरतीच्या वाटेकडे... माझ्याच तोंडून निघालं.

मग म्हणालो, "चाल चुकली, भिव्या."

पलीकडे पुन्हा खाकरणं. मग — "मंग शिकीव."

मी खुर्ची उचलून भिंतीपाशी नेली.