विभाग ११८, रांग २२, खुर्ची ५ आणि ६

मी, लुसिल ओल्शेव्स्की, वय शहात्तर, कै. कॅसिमिर ऊर्फ कॅझ ओल्शेव्स्की यांची पत्नी, टपाल खात्यातून निवृत्त, राहणार १४ कूपर स्ट्रीट, पोर्ट कॉर्विन, पूर्ण शुद्धीत आणि पूर्ण संतापात हे मृत्युपत्र लिहून ठेवीत आहे. वकीलबाई मिस ट्रॉटमन म्हणाल्या, "संतापात हा शब्द काढा, उद्या कोणी शंका घेईल." मी म्हटलं, राहू द्या. माझ्या कमरेत लोखंड बसवलंय, डोक्यात नाही. माझ्यावर कोणाचाही दबाव नाही. दबाव आणणारा अजून जन्माला यायचा आहे.

याआधी केलेल्या मृत्युपत्रात मी सर्व काही माझा एकुलता एक मुलगा डेनिस याच्या नावे केलं होतं. ते मी याद्वारे रद्द करीत आहे. कारण कलम पाचमध्ये येईल. तोपर्यंत सगळ्यांनी दम धरावा.

कलम १. कूपर स्ट्रीटवरचं राहतं घर, तळघरासह, डेनिसलाच मिळावं. त्याला ते विकायचं असेल तर खुशाल विकावं. विकण्यात तो वाकबगार आहे. घर म्हणजे विटा आणि गळकं छप्पर, त्याबद्दल माझं काही म्हणणं नाही. बँकेत जे काही असेल ते डेनिस आणि माझ्या धाकट्या बहिणीची मुलगी मार्सेला यांनी निम्मं निम्मं घ्यावं आणि भांडू नये.

कलम २. शिवणयंत्र चर्चच्या महिला मंडळाला. पाय मारताना ते डावीकडे सरकतं, खाली पुठ्ठा घालावा.

कलम ३. माझ्याजवळ बिस्किटांच्या डब्यात, मैदानाच्या दारात फाडून हाती उरलेले तिकिटांचे अर्धुके आहेत. आमच्या गावच्या स्टोकर्स या अमेरिकन फुटबॉल संघाने साठ वर्षांत घरच्या मैदानावर प्लेऑफचे, म्हणजे हंगामाअखेरच्या बाद फेरीचे, सामने खेळले ते उणेपुरे सहा. इतर गावांत दर जानेवारीला प्लेऑफ होतात, आमच्याकडे माणसाचं आयुष्य निघून जातं. म्हणून या गावात कोणी कोणाला वय विचारत नाही, "तू किती पाहिलेस?" असं विचारतात. डब्यात पाच अर्धुके आहेत. डबा मार्सेलाला. पण त्यांचा हिशेब इथे लिहून ठेवणं मला भाग आहे.

पहिला १९६६ चा. मी सतरा वर्षांची होते. त्या काळी घरचा सामना गावातल्या टीव्हीवर दाखवतच नसत, लोकांनी मैदानात यावं म्हणून. माझ्या वडिलांना तिकीट मिळालं नाही, तेव्हा ते भावांना गाडीत कोंबून दोन तासांवरच्या एका मोटेलात सामना बघायला गेले. मला म्हणाले, "तू घरी बस." मी चर्चमध्ये गाण्याच्या सरावाला जाते असं सांगितलं आणि गेले मैदानात, गोदीतल्या बॉयलरवर काम करणाऱ्या एका तरुणाबरोबर. तो कॅझ. आम्ही हरलो. रात्रीच्या जेवणाला वडिलांनी मला सगळा सामना तोंडाने खेळून दाखवला, चेंडू कुठे निसटला, कोण कोणावर पडलं. मी आपली "अगं बाई! मग?" करत बसले. बिचारे मरेपर्यंत समजून होते की पोरीने तो सामना त्यांच्याकडून ऐकला.

दुसरा १९७४ चा. तोवर आमचं लग्न होऊन विभाग ११८ मधल्या दोन खुर्च्या दर हंगामाला पैसे भरून आमच्या नावे कायम झाल्या होत्या. पाचवर कॅझ, सहावर मी. सामन्याच्या दोन दिवस आधी कमरेएवढा बर्फ पडला. क्लबने रेडिओवरून सांगितलं, फावडी घेऊन या, गरम सूप देऊ. आम्ही दोघे गेलो आणि मुकादमाने सांगितलेली जागा सोडून आधी आमची रांग उपसली. त्या दिवशी आम्ही जिंकलो. त्याच दिवशी शेजारच्या स्टॅन ह्रुबीने आमचा थर्मास नेला, "मध्यंतरापर्यंत देतो" म्हणून. कोणत्या वर्षीच्या मध्यंतरापर्यंत, ते तो बोलला नव्हता.

तिसरा १९८१, हरलो. चौथा जानेवारी १९९३ चा. त्याच्याबद्दल वेगळं कलम आहे. पाचवा १९९७, हरलो, कॅझ आठवडाभर जेवला नाही. सहाव्यासाठी सत्तावीस वर्षं वाट पाहिली. मधल्या काळात कॅझ गेला. जाताना म्हणाला, "लुसी, खुर्च्या सोडू नकोस." मी पाचवर त्याची नारिंगी लोकरीची टोपी ठेवून सहावर बसत राहिले. लोक हसायचे. हसेनात का.

कलम ४. ज्या फावड्याने १९७४ साली बर्फ उपसला ते फावडं मार्सेलाला. ती शहर बसची ड्रायव्हर आहे, बोलायला फटकळ आणि मनाची सोन्यासारखी. स्टॅनकडचा थर्मास मी स्टॅनलाच लिहून देणार होते, पण वकीलबाई म्हणाल्या, "ज्यांना काही मिळतंय, ते साक्षीदार होऊ शकत नाहीत." मला स्टॅन साक्षीदार हवा आहे. म्हणून त्याला मी काहीही देत नाही. थर्मास एक्कावन्न वर्षं त्याच्याकडेच आहे, तरी तो माझाच समजावा.

कलम ५. आता डेनिसबद्दल.

जानेवारी २०२४ मध्ये स्टोकर्स सहावा सामना घरी खेळणार असं ठरलं. मी आनंदाने पायरीवर झेंडा बांधायला गेले आणि घसरून कंबर मोडून घेतली. हॉस्पिटलात मी डेनिसला जवळ बसवलं. हल्ली तिकिटं कागदाची नसतात, फोनमध्ये असतात. ती मी त्याच्या फोनवर पाठवली.

"तू सहावर बस," मी म्हटलं, "आणि पाचवर मार्सेलाला बसव. बाबांची टोपी तिच्या डोक्यावर दे."

"हो गं आई. तू काळजी करू नकोस."

"आणि शेवटपर्यंत बसायचं."

"हो गं."

त्याच आठवड्यात बर्फ पडला. क्लबने पुन्हा फावडेवाले बोलावले. मार्सेला रात्रपाळी करून थेट मैदानात गेली आणि तिने आमचं जुनं फावडं चालवलं. तिने मला फोटो पाठवला: पाच आणि सहा, घासूनपुसून लख्ख. खाली लिहिलं होतं, "मावशी, आपल्या गाद्या तयार आहेत." दुसऱ्याच दिवशी डेनिसने तिला कळवलं की तिची जागा त्याने एका मित्राला देऊ केलीय. पोरगी गिळून गप्प बसली. मला बोलली नाही, मी आजारी म्हणून.

रविवारी मी पलंगावर बसून टीव्ही लावला. शेवटच्या सत्रात पाहुण्या हेरन्स संघाने टचडाउन करून गुण घेतले, नेमके आमच्या कोपऱ्यात. कॅमेरा वर गेला. आमच्या रांगेजवळचा खांब मी झोपेतही ओळखेन. खांबाच्या उजवीकडे, रांग २२ मध्ये, दोन हिरव्या टोप्या. हिरव्या, हेरन्सच्या! एक जण तर बुटांसकट कॅझच्या खुर्चीवर उभा राहून नाचत होता. मार्सेलाने उपसून ठेवलेल्या जागेवर. मी इतकी ओरडले की नर्स धावत आली, तिला वाटलं टाका सुटला.

मी डेनिसला फोन लावला. तो स्वतःच्या घरी होता, सोफ्यावर.

"खुर्च्यांवर कोण बसलंय?"

त्याने टीव्हीचा आवाज कमी केला. मग म्हणाला, "आई, फोनवरून विकल्या. कोण घेतंय ते थोडंच दिसतं? चांगला भाव आला. तू काही जाणार नव्हतीस..."

"मी हॉस्पिटलात आहे रे मेल्या, कबरीत नाही!"

"उणे पंधरा आहे बाहेर. आणि आठवडाभर सगळे म्हणतायत हरणार म्हणून. हरताना बघायला जाऊ?"

तेव्हा मी त्याला जे बोलले ते शब्दशः लिहिते, कारण पुढे त्याची गरज आहे. मी म्हणाले, "आपल्या घरात खेळ संपायच्या आत जागा सोडणारी माणसं जन्माला आली नाहीत! तू कोणाच्या वळणावर गेलास कोण जाणे!"

त्याने माझं ऐकून घेतलं. मग म्हणाला, "बरं, आई," आणि फोन ठेवला. सामना आम्ही हरलो.

मार्सेलाला सांगितलेला तो मित्रही थापच निघाला. पोटच्या पोराने दगा दिला. परक्याने दिला असता तर मी दोन शिव्या हासडून मोकळी झाले असते. सव्वा वर्ष मी त्याच्याशी बोलले नाही. ईस्टरला तो दारात पिरोगीचा, म्हणजे आमच्याकडच्या उकडलेल्या करंज्यांचा, डबा ठेवून गेला, तो मी तसाच स्टॅनला दिला. आणि त्याच रागात हे नवं मृत्युपत्र करायला घेतलं, दोन्ही खुर्च्या मार्सेलाच्या नावे करायच्या म्हणून. पण मृत्युपत्रात खोटं लिहू नये म्हणतात. तिकिटांचा डबा उघडला आणि चौथ्या अर्धुकावर माझं घोडं अडलं.

कलम ६. जानेवारी १९९३. तो सामना या गावात देवळातल्या कथेसारखा सांगतात. मध्यंतराला आम्ही ३ विरुद्ध ३१ असे मागे होतो आणि शेवटी जिंकलो. तिकिटं पूर्ण खपली नव्हती, म्हणून तेव्हाही टीव्हीवर दाखवला नव्हता. त्यामुळे जो मैदानात होता तोच खरा. मी तीस वर्षं तो सामना सांगत आले आहे: टपाल कार्यालयात, लग्नांत, मयतीत, दर थँक्सगिव्हिंगच्या जेवणाला. दुसऱ्या अर्ध्यातला एकेक डाव, कोण कुठून धावला, चेंडू हवेत असताना कसं सगळं मैदान चिडीचूप झालं. सांगताना माझ्या अंगावर काटा यायचा.

मी तिथे नव्हते.

डेनिस नऊ वर्षांचा होता, तापाने घरी. स्टॅनची बायको आयरीन त्याच्याजवळ बसली होती. मध्यंतराला मी मैदानातल्या सार्वजनिक फोनवरून विचारलं. आयरीन म्हणाली, "ताप उतरलाय गं, सूप पितोय, तू बस निवांत." मी परत येऊन कॅझला सांगितलं, "पोराचा ताप चढलाय, मी निघते." तो उठायला लागला, तर म्हटलं, "तू बस, एकाने तरी बसावं." खरं सांगायचं तर माझे पाय गारठले होते आणि ती मानहानी मला बघवत नव्हती. तापाचं निमित्त केलं.

घरी आले तेव्हा डेनिस रेडिओला कान लावून बसला होता. "आई, आत्ता एक टचडाउन झालं!" मी म्हटलं, "हरले मेले. बंद कर ते रडगाणं," आणि बटण फिरवलं. तासाभराने रस्त्यावर गाड्यांचे भोंगे वाजायला लागले. कॅझ आला तो घसा बसलेला, डोळे ओले. त्याने मला रागावून एक शब्द विचारला नाही. ताटावर बसून सगळा दुसरा अर्धा सांगितला, मिठाच्या डब्या आणि काटेचमचे मांडून. जे जे मी गावाला सांगितलं ते सगळं त्या ताटावरचं आहे.

दुसऱ्या दिवशी कामावर कोणीतरी विचारलं, "होतीस ना गं?" मी म्हटलं, "होते तर!" एकदा म्हटल्यावर मग मागे फिरता येईना.

पुढच्या रविवारी बहिणीकडे जेवताना मी तोच सामना रंगवून सांगत होते. डेनिसने मान वर केली. "पण आई, तू तर..." कॅझने काही न बोलता त्याच्या ताटात आणखी एक पिरोगी वाढला. पोराने माझ्याकडे पाहिलं, बापाकडे पाहिलं आणि खायला लागला. त्यानंतर तीस वर्षं तो जेवणाच्या टेबलाशी बसून ऐकत आला आणि कधीही तोंड उघडलं नाही.

हॉस्पिटलातून मी त्याला ते वाक्य फेकून मारलं, तेव्हा उत्तर त्याच्या जिभेवर होतं. "आई, तुझ्याच वळणावर गेलो," एवढंच म्हणायचं होतं. त्याने ते गिळलं. मला हे कळायला सव्वा वर्ष लागलं, आणि कळल्यावर मला माझी लाज वाटली. त्याचा दगा दगाच आहे, तो मी माफ करत नाही. पण आमच्या घरात तो पहिला नव्हे.

म्हणून विभाग ११८, रांग २२ मधली खुर्ची ५, कॅझची, टोपीसकट मार्सेलाला. खुर्ची ६, माझी, डेनिसला. दोघांनी शेजारी शेजारी बसावं. मार्सेला त्याला टोचून बोलेल, ते त्याने ऐकून घ्यावं. हे कलम माझ्या अंत्यविधीनंतर चर्चच्या हॉलमध्ये, जेवणाआधी, डेनिसनेच मोठ्याने वाचावं.

डेनिस, सहावर बस. मध्यंतराला ३ विरुद्ध ३१ असलं तरी बस. मला जमलं नव्हतं.

सहीपूर्वीची जोड. वरील सर्व मी मिस ट्रॉटमन आणि स्टॅन यांना वाचून दाखवलं. वकीलबाई म्हणाल्या, साक्षीदारांना मजकूर ऐकवायची गरज नसते. मला होती. स्टॅन टोपी फिरवत बसला होता. मग म्हणाला, "लुसिल, हे आख्ख्या गल्लीला ठाऊक आहे. आयरीनने त्याच संध्याकाळी सांगितलं होतं."

"तीस वर्षं? आणि सगळे मेले माना डोलवत ऐकत बसलात?"

"तू सांगायचीसच तशी गं. मी मैदानात होतो, तरी मला तुझाच सामना आठवतो."

कलम सहा तरीही वाचायचंच. त्यात काही बदल नाही.

हे मृत्युपत्र मी स्वतः लिहिलं, स्वतः वाचलं, आणि खालच्या दोघांच्या डोळ्यांदेखत सही केली.

लुसिल ओल्शेव्स्की

साक्षीदार:
१. फेलिशिया ट्रॉटमन, वकील
२. स्टॅन्ली ह्रुबी, १६ कूपर स्ट्रीट (थर्मास आज परत केला. झाकण सापडत नाही.)

स्थळ: पोर्ट कॉर्विन
दिनांक: ९ मे २०२५