आई म्हणायचं नाही

सोमवार, ३ मार्च

आजपासून मी आई नाही!

सकाळच्या बैठकीत प्रशिक्षक बाईंनी फळ्यावर दोन रकाने पाडले. डावीकडे जुने शब्द, उजवीकडे नवे. 'अनाथ' – काट. 'संरक्षणाची गरज असलेलं बालक'. 'दान' – काट. 'सहभाग'. 'आश्रम' तर मागच्याच वर्षी गेला, आता आपण 'बालनिवास'. इथवर माझी काही तक्रार नव्हती. 'अनाथ' मला कधीच आवडला नाही. त्या शब्दापायी आमच्या गोलमटोल भोपळ्याने शाळेत एकाचा शर्ट फाडला होता, आणि मी त्याला रागावल्यासारखं करून रात्री एक अंडं जास्त दिलं होतं.

मग त्यांनी 'गृहमाता' लिहिलं आणि त्यावर सरळ रेघ मारली. 'काळजीवाहक'. मुलांनी 'आई' म्हणायचं नाही, 'मावशी' म्हणायचं. का? तर भावनिक अवलंबित्व. पगारी बाईला आई म्हणायला लावणं ही मुलाची फसवणूक आहे म्हणे.

लावलं कोणी? विचारणारच होते. पण मोठ्या बाईंनी डोळे वटारले. संस्था त्या चालवतात, पुढच्या वर्षीची मान्यता या प्रशिक्षक बाईंच्या अहवालावर आहे. मी वहीत 'मावशी' लिहून घेतलं.

माय मरो नि मावशी जगो म्हणतात. इथे माय धडधाकट असताना तिचीच मावशी केली!

मंगळवार, ४ मार्च

माझ्याकडे, घर क्रमांक तीनमध्ये, सात मुलं. त्यांना सांगायचं कसं? शेवटी खेळ केला. जो 'आई' म्हणेल त्याने गोष्टीच्या वेळी भिंतीकडे तोंड करून बसायचं. भोपळ्याने हात वर केला – "आई, म्हणजे तुला मावशी म्हणायचं ना?" गेला भिंतीकडे. तिथून पुन्हा, "आई, ऐकू येतंय मला!" सगळी खो खो हसली. मीही.

मुंगी हसली नाही. ती खेळसुद्धा परीक्षेसारखा खेळते. सहा वर्षांची पोर, पण एकदा सांगितलेलं दुसऱ्यांदा सांगावं लागत नाही. कायम भिंतीच्या कडेने, भिंतीला एक बोट लावून चालणार. म्हणून मुंगी. आज झोपताना म्हणाली, "मावशी, दिवा राहू दे." एकदाही अडखळली नाही. मी शाबास म्हटलं. नंतर स्वयंपाकघरात जाऊन उगाच घासलेली भांडी घासली.

शुक्रवार, ७ मार्च

मोठ्या बाईंनी बोलावलं. वाटलं, माझ्या अर्जाचं काही झालं. मी निवृत्त झाल्यावर मुंगीचं पालकत्व मला मिळावं म्हणून अर्ज केलाय. माझ्या दोन खोल्या आहेत. भाऊ आहे, तो वर्षातून एकदा फोन करून प्रकृती विचारतो. बाकी माझं कोण? तिची आई वारली तेव्हा तान्ह्या मुंगीला मी अंगावरच्या दुपट्यासकट उचलून आत आणलं होतं. बाकीच्या सहा जणांवर माझा जीव आहे. तिच्यात माझा जीव आहे. हे इथे लिहायला हरकत नाही.

मोठ्या बाई म्हणाल्या, "तिचा मामा आलाय."

सख्खा मामा. बहिणीशी भांडून दूरच्या गावी नोकरीला गेला होता. ती गेल्याचं, तिला मूल असल्याचं आत्ता कुठे कळलं. भाचीला न्यायचं म्हणतो. चोवीस तारखेला बालकल्याण समिती मुलीला विचारणार आणि ठरवणार.

"नीट ऐका," मोठ्या बाई म्हणाल्या. "समितीपुढे तिच्या तोंडून 'आई' निघालं, तर तुम्हीच पढवलंत म्हणतील. तुमचा अर्ज तिथेच संपला. वर अहवालात 'अवलंबित्व' असा शेरा लागला की तुमच्या घरातली सगळी मुलं हलवतील. तिला स्वच्छ 'मावशी' म्हणू दे, इथेच राहायचंय म्हणू दे. बाकी मी बघते."

म्हणजे मुंगी हवी असेल तर तिला आई विसरायला लावायचं!

रविवार, ९ मार्च

मामा भेटायला आला. बस रंगवायच्या कारखान्यात कामाला आहे. हात रॉकेलने घासून आला होता, तरी नखांच्या कडेला निळा रंग. मी त्याच्यात खोट शोधायला बसले होते – दारूचा वास, मोठा आवाज, काहीतरी! काही सापडेना. सोबत आलेली बायको बरी दिसते, मूलबाळ नाही. खुर्चीच्या अगदी कडेवर बसला होता. मुंगीला म्हणाला, "तुझे कान ताईसारखे आहेत." आणि रुमाल काढायला खिडकीशी गेला.

कान खरंच त्याच्यासारखे आहेत. बाहेर वळलेले.

मामा खरा, मावशी खोटी. फळ्यावरच्या त्या रकान्यात हेही लिहायला हवं होतं.

बुधवार, १२ मार्च

मला तो माणूस आवडला. हे फार वाईट झालं.

शनिवार, १५ मार्च

आज हात सुटला नाही, पण जीभ सुटली. मुंगीचे केस विंचरत होते. कंगवा गुंत्यात अडकला आणि ती कळवळली – "आई गं!" अहो, हे तर कोणीही म्हणतं! ठेच लागली की म्हातारेसुद्धा म्हणतात! पण दारात प्रशिक्षक बाई, हातात वही. मी मुंगीचा खांदा धरून खेकसले, "पुन्हा आई म्हणालीस तर घर बदलावं लागेल! दुसऱ्या घरात जायचंय का?"

मुंगीने मान हलवली – नाही. डोळ्यांत टिपूस नाही.

प्रशिक्षक बाई म्हणाल्या, "इतकं कठोर नको हं, मावशी." चोराच्या उलट्या बोंबा!

मंगळवार, १८ मार्च

मुंगी व्हरांड्यात भिंतीला बोट लावून चालत होती. ओठ हलत होते. जवळ गेले तर पुटपुटत होती – मावशी, मावशी, मावशी. मला बघून थांबली. "चुकलं नाही ना?" म्हणाली.

"नाही गं. छान येतंय."

जेवताना मोठ्या बाईंनी पाठ थोपटली. "तीन नंबर आता आदर्श घर झालंय." माझा पाव मी भोपळ्याच्या ताटात सरकवला.

शुक्रवार, २१ मार्च

रात्रीच्या गोष्टीला आता भिंतीकडे कोणीच बसत नाही. भोपळासुद्धा चुकत नाही. गोष्ट सांगायला मजा येत नाही.

थोरलीने, म्हणजे घरातल्या सगळ्यांत मोठ्या मुलीने, मुंगीचे बूट पॉलिश करून ठेवलेत. मी तिला एवढंच शिकवलंय – विचारलं की सांगायचं, मला इथेच राहायचंय. चार वेळा म्हणून घेतलं. पाठ आहे.

सोमवार, २४ मार्च

लिहायलाच हवं, नाहीतर डोकं फुटेल.

मला आणि मामाला मागच्या बाकावर बसवलं. ताकीद – बोलायचं नाही, खुणा करायच्या नाहीत. समितीच्या अध्यक्ष वयस्कर बाई, बोलणं अगदी मऊ. मुंगीला पाणी दिलं, बूट छान आहेत म्हणाल्या. मग –

"तुला कोण सांभाळतं?"

"मावशी."

"मावशी म्हणजे तुझ्या आईची बहीण का?"

"नाही. कामाच्या मावशी."

"बरं. त्या तुझ्या कोण?"

हा प्रश्न आम्ही घोकला नव्हता. मुंगी टेबलाच्या कडेवरून बोट फिरवत राहिली. मग मागे वळून माझ्याकडे बघितलं – अवघड गणित सुटल्यावर बघते ना, तसं – आणि म्हणाली,

"माझ्या कोणी नाहीत. सगळ्यांच्या आहेत."

आणि शाबासकीसाठी बघत राहिली. आणि मी मान डोलावली! सवयीने! माझ्या हातांनी नाही, माझ्या मानेने माझं घर बुडवलं!

पुढे "इथेच राहायचंय" म्हणाली ती. अगदी पाठ केल्यासारखं. अध्यक्ष बाईंनी ते तसंच ऐकलं – पाठ केल्यासारखं. बाहेर आल्यावर मोठ्या बाईंना म्हणाल्या, "गुणी मुलगी आहे. पण तिला आपलं असं कोणी नाही, हे तिला स्वतःलाच कळतंय. रक्ताचं माणूस आलंय तर जाऊ दे."

मामा हात जोडून माझ्यासमोर उभा राहिला. "तुम्ही तिला फार चांगलं सांभाळलंत, ताई."

मंगळवार, २५ मार्च

अर्ज नामंजूर. 'बालकाशी विशेष भावबंध आढळला नाही.'

शुक्रवार, २८ मार्च

मुंगी गेली.

बॅग मी भरली. उशीखाली पावाचे तुकडे सापडले, नेहमीसारखे लपवलेले. तेही रुमालात बांधून दिले, नव्या जागी भूक लागली तर. हिरव्या दोऱ्याची खूण घातलेला तिचा टॉवेल संस्थेचा आहे, देता येत नाही. दिला.

फाटकापर्यंत कुंपणाच्या भिंतीला बोट लावून चालली. जिथे भिंत संपते तिथे थांबली, बोट तसंच हवेत. मामाने आपला हात पुढे केला. तिने त्याला बोट लावलं, आणि गेली. मागे वळली नाही, हाक मारली नाही. इतकं कसं विसरायला लावलं मी हिला! की कधी काही नव्हतंच? प्रशिक्षक बाईच बरोबर असतील. पगारी बाई. मला आज ते खरं वाटतंय, आणि फार दुखतंय.

बुधवार, २ एप्रिल

भोपळ्याला ताप. ग्लानीत "आई" म्हणाला, मग दचकून डोळे उघडले आणि भिंतीकडे कूस वळवली. मी त्याला आपल्याकडे वळवून घेतलं. गेला खेळ खड्ड्यात.

रविवार, ६ एप्रिल

मामाचा फोन. "ताई, ती जेवते, झोपते, सगळं ऐकते. पण बोलत नाही. दिवसभर भिंतीच्या कडेने फिरते. आज पहिल्यांदा काही मागितलं – तुमच्याशी बोलायचं म्हणाली. देतो."

"मावशी?"

"बोल बाळा."

"मी एकदाही चुकले नाही ना? त्या बाईंनी विचारलं तेव्हासुद्धा ते नाही म्हटलं. मग माझं घर का बदललं?"

मी भिंतीला टेकून खाली बसले.

मग हळूच म्हणाली, "इथे वहीवाल्या बाई येत नाहीत. आता म्हणू का?"

"म्हण," म्हटलं.

आधी कुजबुजली. मग मोठ्याने.