शिंगवालीचे पहिले पान

नंदनवन, नागपूर
९ जानेवारी २०२५

चि. मयुरास, प्रेमलता आत्याचे आशीर्वाद.

तुझे पार्सल काल पोचले. आत एकच पुस्तक, माझ्या गार्गीचे, राक्षसांच्या लढाईचे, भाग पहिला. पाकिटावर टपालाचे बेचाळीस रुपये. चिठ्ठी नाही. पुस्तक लगेच ओळखले. पावणेचारशेला घेतले तेव्हा मी तिला बोलले होते, की एवढ्या पैशात चित्रांना रंगही नाही का वं.

माझे इंग्रजी मॅट्रिकपुरते, पण चित्रे कळतात. पहिल्याच पानावर एक तलवारवाली पोर आणि एक शिंगवाली राक्षसीण एका भांड्याशी बसल्या आहेत. खाली गार्गीने पेन्सिलीने लिहिले आहे, मयुरा, जेवायला ये. तुमच्या चांगल्या दिवसांतले असावे. पुढे दोघी दूर दूर जातात आणि शेवटच्या पानावर शिंगवाली त्या पोरीवर कुऱ्हाड उगारते. तिथे बाण काढून लिहिले आहे, ही तू, ही मी.

दवाखान्यात नऊ दिवस ती दाराकडे पाहत होती. डेंग्यूच्या पेशंटला भेटू देत नाहीत, असे मी तिला खोटेच सांगितले. तू खापरखेड्याहून, तासाभराच्या वाटेवरून, आली नाहीस. तेराव्याला मी तुला दारातून परत पाठवले, त्याचे नंतर वाईट वाटले होते. आता वाटत नाही. जाताना माझ्या पोरीने तुला असे पाहिले, हे मला काहून दाखवलेस?

दादाला नमस्कार सांग.

प्रेमलता


खापरखेडा
१५ जानेवारी २०२५

ती. आत्यास, मयुराचा साष्टांग नमस्कार.

तू फोन उचलत नाहीस, म्हणून लिहिते. आत्या, तू पुस्तक उलटीकडून वाचलेस. जपानी चित्रकथा इंग्रजीत आणली तरी आपल्याला मागची वाटते त्या बाजूने सुरू होते आणि उजवीकडून डावीकडे वाचतात. कुऱ्हाडीचे पान पहिले. जेवणाचे शेवटचे.

आठवते का, पाच वर्षांची असताना मी तुझ्याकडे राहायला आले आणि झोपाळ्यासाठी गार्गीच्या दंडाला चावले. तू म्हणाली होतीस, की पोरगी आहे का राक्षसीण. तेव्हापासून आमच्यात शिंगे माझीच.

तरी तुझा राग खोटा नाही. भाद्रपदात कॉलेजात मी मैत्रिणींसमोर तिच्या या पुस्तकांना हसले, पोरकट म्हटले. मग अबोला. दवाखान्यातून तिने बाबांच्या हाती हे पुस्तक पाकिटात बंद करून पाठवले. मला वाटले, टोमणा असेल. न उघडता कपाटात टाकले. बाबा रोज दवाखान्यात निघताना विचारत की चालून राहिली का तू, मी म्हणे उद्या. उघडले ते तिच्या दहाव्या दिवशी. तुला काय लिहावे ते सुचेना, म्हणून नुसते पुस्तक पाठवले.

रागाव, पण मला टाकू नकोस.

तुझी मयुरा


नंदनवन, नागपूर
२४ जानेवारी २०२५

चि. मयुरास, अनेक आशीर्वाद.

तुझे पत्र वाचून आधी चिडले, मग रडले. मग अंघोळ करून पुस्तक पोथीच्या पाटावर ठेवले. रोज दिवा लावला की एक प्रकरण, बोट उजवीकडून डावीकडे सरकवत. तुझे काका म्हणाले, की आता राक्षसांचे पारायण मांडले का. त्या शिंगवालीचे केस पाहिलेस? माझा भांडी घासायचा काथ्या बरा.

काल संपले. त्या शेवटच्या पानावर शिंगवाली अर्धवट वाकलेली आहे. मागे मला वाटले होते, ती उठून चालली. ती बसते आहे. पोर सरकून तिला जागा करते आहे.

एक मी तुला सांगितले नव्हते. गार्गीला विचारले होते, काय खावेसे वाटते. म्हणाली गोळाभात, पण मयुरा आली की. तेव्हाच तुला फोन करायला हवा होता. आपणहून येईल तर येईल, मी काहून बोलावू, असा माझा ताठा. चार दिवस फोन उशाशी होता.

वसंत पंचमीला, रविवारी, तिला एकोणीस पूर्ण झाली असती. मी गोळाभात करणार आहे. दुसरा भाग निघाला असेल तर घेऊन ये, मला इंग्रजी अडते. नसला तरी ये.

घरात आता दोघेच आहोत, अन्न उरले की टाकवत नाही. तांदूळ दोघांचे घेऊ की तिघांचे, तेवढे उलट टपाली कळव.

तुझी आत्या