उजवीकडच्या वीस पट्ट्या

३ मार्च
त्या सकाळी मी धुणं वाळत घालत होते. चादरी झाल्या होत्या, उशांचे अभ्रे राहिले होते. हे आतून म्हणाले, "अगं, जरा ये." म्हटलं, "आले, एवढं उरकते."
सहा वर्षांनी हे आठवायचं कारण – चिरंजीवांच्या बँडवर मासिकात चार पानी लेख आलाय. तिन्ही अल्बमांचा प्रवास. दोनदा वाचला. सगळी सुरुवात माझ्या पुढच्या खोलीत झाली, पण मला काही ओळखू येईना.
पहिला अल्बम म्हणे 'खर्जात उतरून मृत्यूला भिडतो'. हे गेले तेव्हा घरचा पियानो लावायचं काम अर्धवट होतं. डावीकडचा सुरात, उजवीकडच्या वीस पट्ट्या बेसूर. मी कोणाला हात लावू दिला नाही. पोरगा डावीकडेच वाजवणार, नाही तर काय!

४ मार्च
दुसऱ्या अल्बमात 'गिटारची पियानोवर कुरघोडी'. कुरघोडी कसली – बँडला न्यायची गाडी गिटारवाल्याची होती, मग त्याचंच चालणार. तिसऱ्यात पियानोच नाही. 'अनुपस्थितीचं धाडस!' चिरंजीव लग्न करून तिसऱ्या मजल्यावर राहायला गेले, जिना अरुंद. सूनबाई फोनवर म्हणाली, "आई, धाडस जिन्याने केलं."

८ मार्च
चौथा अल्बम 'मुळांकडे' जाणार. मुळं म्हणजे माझी पुढची खोली. शनिवारी रेकॉर्डिंग. रेकॉर्डिंगवाला जागा बघायला आला. उजवीकडची एक पट्टी दाबून त्याने डोळे मिटले. "काकू, हाच बेसूर हवाय आपल्याला. आता धूळसुद्धा पुसू नका."
चिरंजीव म्हणाले, "आई, कव्हरवर छापतोय – बाबांनी लावलेला शेवटचा पियानो."
चाळीस वर्षं ह्यांनी लोकांचे पियानो लावले. बेसूर पट्टी कानावर आली की दाढ दुखल्यासारखं तोंड करायचे. आता तोच बेसूर ह्यांच्या नावावर छापून येणार.

९ मार्च
धूळ पुसली.

११ मार्च
वहीत तरी खरं लिहावं. शेवटची दहा वर्षं ह्यांना वरचे, उजवीकडचे सूर ऐकू येत नव्हते. हात ह्यांचे, कान माझे. शेजारी उभी राहून मी म्हणायचे, "अजून... अजून... बास." गिऱ्हाइकांना वाटायचं, बाई पिशवी धरायला येतात. पोरालाही ठाऊक नाही.
त्या सकाळी डावीकडचं एकट्याने उरकून ह्यांनी मला उजवीकडच्यासाठी हाक मारली होती. मी अभ्रे वाळत घालून गेले. हे बाकावर भिंतीला टेकलेले. तारा पिळायची चावी मुठीत होती, शेजारच्या तारा गप्प ठेवायची पाचर तारांत होती, श्वास नव्हता.
लोक ज्याला बाबांचा सूर म्हणतात, ती माझी दिरंगाई आहे.

१२ मार्च
उद्या रेकॉर्डिंग. आज धुणं भिजत ठेवलं. ह्यांची चावी घेतली, पाचर काढली आणि उजवीकडच्या वीसही पट्ट्या सुरात लावल्या.